जाणाऱ्याचा शब्द

इस्तंबूल, ६ नोव्हेंबर १९३४

बाबा,

तुमचा हात ओठांना आणि कपाळाला लावते. समोर असतात तर ओढून घेतला असतात, म्हणून कागदावरच उरकते.

तीन वर्षांनी लिहिते आहे, तेव्हा ताकाला जाऊन भांडं लपवत नाही. सरकारने रेडिओवर आपलं जुनं संगीत बंद करून पाश्चात्त्य तेवढं ठेवल्याची बातमी आली तेव्हा मी वांगी चिरत होते. सुरी हातातच राहिली. पहिला विचार तुमचा आला. कहवाखान्यातल्या रेडिओसमोर बसून, तानबूर वाजवणाऱ्या प्रत्येकाला नावं ठेवत शेवटपर्यंत ऐकायची तुमची सवय. आता संध्याकाळी तुम्ही कोणाला नावं ठेवणार?

तुम्ही म्हणाल, घ्या, तुझ्या नवऱ्याचेच भाऊबंद जिंकले, पियानोवाले. तर ऐका. अर्कादीला मी बातमी सांगितली, तेव्हा तो जेवता जेवता थांबला आणि म्हणाला, "मग तुझ्या वडिलांसारखं वाजवणं आता कुठे ऐकायचं?" त्याने तुम्हाला आयुष्यात एकदाच ऐकलं आहे. बुर्साच्या घरी, अंगणात अंजिराखाली उभा होता आणि तुम्ही आत तानबूर वाजवत होता. पाहुणा आला आहे हे कळूनही तुम्ही तुकडा पुरा केल्याशिवाय उठला नाहीत. त्याला तो अपमान वाटलाच नाही. अजून तो त्या पाऊण तासाबद्दल कोणी मेजवानी दिल्यासारखा बोलतो.

त्या दिवसाचं मला एकदा बोलू द्या. मागणी घालायला वडीलधारं माणूस आणायचं असतं आणि हा एकटाच आला, हातात मिठाईचा डबा, अंगात उसना कोट. तुम्हाला तो उद्धटपणा वाटला. पण क्रांतीच्या धामधुमीत ओदेसातून निघाला तेव्हा त्याच्या घरात आणण्यासारखं कोणी उरलं नव्हतं. एक भाऊ तेवढा, तो मार्सेलला. रिवाजाप्रमाणे मी त्याच्या कॉफीत मीठ घातलं. दुसऱ्या कोणी तोंड वाकडं करून का होईना, गंमत ओळखली असती. हा पूर्ण कप प्यायला आणि अजून मागितली. त्याला वाटलं, बुर्सात कॉफी अशीच पितात. तेव्हा तुमच्या मिशीखाली हसू आलं होतं, बाबा. मी पाहिलं आहे.

मग तुम्ही नाही म्हणालात. त्याने वाद घातला नाही. उठला, बूट घातले, उंबऱ्याबाहेर जाऊन वाकला आणि तुम्हाला म्हणाला, "गुले गुले."

हसत हसत जा! राहणाऱ्याने जाणाऱ्याला म्हणायचा शब्द, आणि हा जाणारा तो तुम्हाला म्हणतो. जाणाऱ्याने 'देवाच्या हवाली' म्हणून निघायचं, हे आपल्याकडे बोबड्या पोरालाही कळतं. "माझ्याच घरातून मला वाटेला लावतो?" म्हणालात आणि दार असं आपटलंत की अंजिराची पानं गळली. तेच दार पुढे माझ्यासाठीही बंद राहिलं.

मी त्याला नंतर विचारलं होतं, हा शब्द तुला कोणी शिकवला? तो म्हणाला, कोणी नाही. जिथून जिथून तो निघाला, तिथे लोक त्याला हेच म्हणाले. खोलीची मालकीण म्हणाली, सिनेमाघराचा मालक म्हणाला, एकदा पोलीसही म्हणाला. त्याला वाटलं, निघताना बोलायचा शब्द हाच. जाणारा काय म्हणतो हे त्याला कळणार कसं? ते ऐकायला मागे राहावं लागतं, आणि मागे राहण्याची वेळ त्या माणसावर कधी आलीच नव्हती.

एवढंच सांगायचं होतं. उत्तराची सक्ती नाही.

तुमची गुझिदे


इस्तंबूल, १८ फेब्रुवारी १९३५

बाबा,

हाजेर मावशीने भाच्याकडून लिहून घेऊन कळवलं की माझं पत्र पोचलं, तुम्ही ते अंगणात नेलंत आणि अंजिराला वाचून दाखवावं तसं मोठ्याने वाचलंत. अंजिराचं मत काय पडलं ते तिने लिहिलं नाही. शेजारीण असावी तर अशी, अर्धवट बातमी देऊन जीव टांगणीला लावणारी.

आता आमचं सांगते. बोलपट आले तेव्हा अर्कादीची नोकरी गेली हे तुम्हाला माहीत नसेल. मुका सिनेमा होता तोवर तो पडद्याखाली अंधारात बसून पियानो वाजवायचा. नायिका रडली की हळू, घोडे धावले की जोरात. मग पडदाच बोलायला लागला. दोन वर्षं त्याने एका मिठाईच्या दुकानात गिऱ्हाइकांसाठी वाजवलं. आता मात्र आपल्याकडेच चित्रपट निघू लागले आहेत आणि त्यांना संगीत लागतं. दिग्दर्शक सेझाई बे यांनी त्याला बोलावून घेतलं.

स्टुडिओ म्हणजे तंबाखूचं जुनं गोदाम. आवाज घुमू नये म्हणून भिंतींना घोंगड्या टांगल्या आहेत आणि घोंगड्यांत वर्षानुवर्षांची तंबाखू बसली आहे. समोर पडद्यावर चित्र चालतं, खाली वादक बसून त्याबरोबर वाजवतात आणि ते सगळं एका दमात मुद्रित होतं. मधे कोणी शिंकलं की पहिल्यापासून. बासरीवाला शिंकतो ते थेट बासरीतूनच.

गोष्ट एका पाणबुड्याची आहे, समुद्रातून स्पंज काढणाऱ्याची. शेवटी तो गाव सोडून बोटीने निघतो आणि गातो. गाण्याचे शब्द मी लिहिले आहेत. लहानपणी तुम्ही माझ्याकडून पाठ करून घेतलेल्या ओळी वाया गेल्या नाहीत. नाव कुठे येणार नाही, पण तुम्ही ओळखाल.

आणि आता भांडण ऐका. ध्रुवपदात मी 'देवाच्या हवाली' लिहिलं होतं. अर्कादीने ते खोडलं आणि तिथे 'गुले गुले' घातलं. सेझाई बे खुर्चीतून उठलेच. म्हणाले, "अर्कादी, नायक जातोय. तो कसा 'गुले गुले' म्हणेल? लोक खो खो हसतील."

अर्कादीची भाषा अजून लंगडते, तरी तो हटला नाही. "तुम्ही बोटीत बसून कधी गेला? बोट नाही जात. माणूस कठड्याला धरून उभा असते. घाट जातो. घाटावरची माणसं जाते, लहान होते, मग नाही होते. ओदेसा सगळी माझ्यासमोरून गेली, मी उभा होतो. तर हसत जा कोणी कोणाला म्हणायचं, सांगा."

बाबा, तुमच्या दारात त्याने चूक केली असं मी तीन वर्षं धरून चालले होते. सेझाई बे शेवटी म्हणाले, "ठेव. पण लोक हसले तर तुलाच बोटीत बसवीन."

आता माझं काम. त्या गाण्याआधी त्याला एक लहानसा आलाप हवा आहे. तुम्ही त्या दिवशी वाजवत होता त्यातली एक जागा त्याच्या डोक्यात अडकून बसली आहे. दिवसभर पियानोवर शोधतो. एक पट्टी दाबतो, म्हणतो ही खाली. शेजारची दाबतो, म्हणतो ही वर. काल दोन पट्ट्यांच्या फटीत बोट घालून मला म्हणाला, "गुझिदे, तुझे वडील इथे राहतात. इथे मला जाता येत नाही."

तुम्ही या ना. आमच्याकडे बाहेरची खोली रिकामी आहे, ऊन येतं. यायचं नसेल तर निदान तानबुरीच्या कोणत्या पडद्यावर बोट ठेवायचं तेवढं कळवा. त्याला नका सांगू, मला सांगा. तेही नको असेल तर अंजिराला सांगा, हाजेर मावशी माझ्यापर्यंत पोचवेल.

गुझिदे


इस्तंबूल, २७ मे १९३५

बाबा,

उत्तर नाही. नाकावर माशी बसू न देणाऱ्या माणसाची मुलगी आहे, दुसऱ्या कोणाकडे हात पसरला नसता. असो.

तानबुरीसाठी सेझाई बे यांनी इझ्झेत उस्तांना आणलं. रेडिओवरचं वाजवणं बंद झाल्यापासून ते घरीच होते. भला माणूस, हात गोड, पण आलाप किती वेळ वाजवायचा म्हणून विचारलं की सांगतात, "संपेपर्यंत." पडद्यावर बोट क्षितिजाला टेकून नाहीशी होते तरी यांचा आलाप अजून घाटावरच. अर्कादी हातात घड्याळ घेऊन त्यांच्यासमोर उभा राहायचा आणि उस्ता डोळे मिटून घ्यायचे. शेवटी अर्कादीनेच हार मानली आणि सेझाई बे यांना सांगून बोटीचं दृश्य लांबवून घेतलं. चित्राने संगीतासाठी थांबावं असं त्या गोदामात पहिल्यांदाच घडलं असेल.

ती जागा मात्र उस्तांनाही सापडेना. मग मी त्यांच्याशेजारी बसले आणि गुणगुणले. तुम्ही दाढी करताना गुणगुणायचा तसं, गाल फुगवून, अर्धं नाकातून. उस्तांनी तानबुरीच्या एका पडद्याची दोरी सैल केली, केसभर सरकवली, नखी लावली. तुम्हीच घोंगडीमागे बसला आहात असं वाटलं. मला रडू आलं आणि त्या तंबाखूत रडले की शिंक येतेच, त्यामुळे तेवढं मुद्रण वाया गेलं. कोणी रागावलं नाही.

खरी गोष्ट पुढची. तिथे अर्कादीने पियानोसाठी फार सुंदर साथ लिहिली होती, कित्येक दिवस त्यावर बसला होता. ती जागा ऐकल्यावर त्याने पियानोचं झाकण खाली केलं आणि तो त्यावर कोपर टेकून बसला. सेझाई बे यांनी विचारलं, तुझं काय? तो म्हणाला, "माझा पियानो इथे पाहुणा आहे. घरधनी बोलत असताना पाहुण्याने गप्प बसायचं."

हा तोच माणूस आहे, बाबा, ज्याला तुम्ही रीत कळत नाही म्हणाला होतात.

गुझिदे


इस्तंबूल, ९ ऑक्टोबर १९३५

बाबा,

चित्रपट लागला. पहिल्या दिवशी 'गुले गुले' आलं आणि वरच्या स्वस्त जागांवरून कोणीतरी खरंच हसलं. अर्कादीने माझा हात इतका दाबला की अंगठी रुतली. पण दुसऱ्या कडव्याला हसणाऱ्याचा आवाज बंद झाला. माझ्या पुढच्या रांगेत एक बाई होती, साध्या कोटातली. ती शेजारणीला म्हणाली, "माझा भाऊ बोटीवरून असंच काहीतरी ओरडला होता. मला ऐकूच आलं नव्हतं." आणि मग तिने रुमाल काढला.

एका वर्तमानपत्राने लिहिलं आहे की परदेशी माणसाला संगीत देऊ दिलं की भाषेचं असं मातेरं होतं. अर्कादीने ते कात्रण मला मोठ्याने वाचायला लावलं आणि शांतपणे ऐकलं. मी त्या टीकाकाराला ज्या शिव्या दिल्या त्या मी तुमच्याकडूनच शिकले आहे. पण काराकॉयच्या घाटावर जाऊन पाहा. आता जाणारे कठड्यावरून ओरडतात 'गुले गुले' आणि खाली उभे असलेले लोक हसतात. चूक सगळ्या गावाने उचलली की तिला रीत म्हणतात, हे तुम्हीच म्हणायचा ना?

आता जे लिहायचं आहे ते लिहवत नाही. स्टुडिओच्या मालकाने ठरवलं आहे की बाहेरून गाण्यांसकट तयार चित्रपट आणायचे आणि नुसते शब्द बदलायचे. नवं संगीत नको. सेझाई बे यांनी पुष्कळ सांगून पाहिलं, पालथ्या घड्यावर पाणी. अर्कादीच्या भावाचं पत्र आलं आहे, मार्सेलला या, इथे एका नाट्यगृहाला पियानोवाला हवा आहे. अर्कादी मला काहीच म्हणत नाही. हा माणूस इतक्या वेळा निघाला आहे की कोणाला निघायला सांगणं त्याच्या जिवावर येतं. ठरवायचं मी आहे.

पुढच्या आठवड्यात आपला चित्रपट बुर्साला येतो आहे. एकदा जाऊन या. इझ्झेत उस्तांना नावं ठेवायला म्हणून जा. तुमची जागा बुर्साच्या सिनेमाघरात वाजणार आहे आणि तुम्ही घरी बसणार आहात, हे मला सहन होत नाही.

गुझिदे


इस्तंबूल, ३० नोव्हेंबर १९३५

बाबा,

तिकिटं काढली. बोट पुढच्या शनिवारी सकाळी आहे.

रागावून जात नाही, हे आधी सांगते. रागावले असते तर लिहिलं नसतं. तुम्ही चित्रपट पाहिलात की नाही हेही मला कळलेलं नाही. हाजेर मावशीचं पत्र आलं, त्यात तिच्या गुडघ्याखेरीज काही नाही.

एकच सांगायचं आहे. मी कठड्याशी उभी राहून 'देवाच्या हवाली' म्हणणार आहे, नीट, तुम्ही शिकवलं तसं. पण त्याला उत्तर लागतं. खाली घाटावर आपलं कोणी 'गुले गुले' म्हणणारं नसेल तर माझा शब्द तसाच हवेत लोंबकळत राहील. अर्कादी या गावातून त्या गावात तसाच आला, तो शब्द परक्यांकडून ऐकत, आपल्या माणसाकडून कधीच नाही. मला तसं जायचं नाही, बाबा. मला तुमची फार आठवण येते. या एका ओळीसाठी मी वर्षभर बाकीची पत्रं लिहीत होते.

गुझिदे


मुदान्याच्या बोटीवर, गुरुवार

गुझिदे,

हे पत्र टपालात टाकणार नाही. तुझ्या हातात देईन आणि तू वाचून होईपर्यंत तुझ्या स्वयंपाकघरात बसेन. तोंडाने सांगायला गेलो तर भांडण होईल. बोट हलते आहे, अक्षराला नावं ठेवू नकोस.

चित्रपट पाहिला. पहिल्या दिवशी इझ्झेतला ऐकायला गेलो. नखी धरतो की काटाचमचा? आलाप सुरू करताना घाई, संपवताना रेंगाळणं. पण ती जागा त्याने बरोबर घेतली. शेजारी हाजेर बसली होती. ती मला कोपर मारून म्हणाली, "वास्फी भाऊ, हे तर तुमचं दाढीचं गाणं." सगळी रांग वळून बघायला लागली. मी खोकल्यासारखं केलं. हे मी तुला कळवू नको म्हणालो होतो म्हणून तिने गुडघ्याचं लिहिलं.

दुसऱ्या दिवशी पुन्हा गेलो, या वेळी पियानो ऐकायला. तिथे पियानो नाही. आधी आहे, नंतर आहे, माझ्या जागेपाशी नाही. तू लिहिलं होतंस, पण लिहिलेलं वेगळं आणि कानाने ऐकलेलं वेगळं. एवढं शिकलेल्या हाताला गप्प बसवणं सोपं नसतं. मी चार वर्षं गप्प बसलो, तेव्हा मला वाटायचं गप्प बसणं मला येतं. त्या माणसाला जास्त चांगलं येतं. त्याचं गप्प बसणं दुसऱ्याला बोलू देण्यासाठी होतं.

तो शब्द मात्र चूक आहे. बोट सुटते की घाट सुटतो हे शब्दकोशाला विचारायचं नसतं. जाणारा 'देवाच्या हवाली' म्हणतो आणि राहणारा 'गुले गुले' म्हणतो. हे मी त्याला समोर बसवून सांगणार आहे. शहाण्याला शब्दाचा मार पुरतो. त्याला कदाचित दोन कप मिठाची कॉफीही लागेल.

घराला कुलूप लावलं. किल्ली हाजेरकडे. तिने माझ्यामागे पाणी ओतलं, पाण्यासारखे जा आणि पाण्यासारखे या म्हणून. रस्त्यावर थोडं आणि माझ्या विजारीवर जास्त. तानबूर बरोबर आहे. खलाशी तिला सामानात टाका म्हणत होता, मी त्याला स्वतःलाच सामानात टाकेन म्हणालो. गादीही आणली आहे. दोन पट्ट्यांच्या फटीत मी राहतो असं तुझा नवरा म्हणाला होता. माझ्या वयाला ती जागा अरुंद आहे. तुमच्या बाहेरच्या खोलीत ऊन येतं असं तू लिहिलं होतंस.

आता शनिवारच्या तिकिटांचं. तुम्ही निघालात तर घाटावर उभं राहून तो शब्द मलाच म्हणावा लागेल. मी रात्रभर त्याचा विचार केला होता. येईन, नीट उभा राहीन, नीट म्हणेन, असं ठरवून घरातून निघालो.

पण मघाशी बुर्साहून मुदान्याच्या बंदरावर उतरलो आणि बोट सुटली. मी कठड्याला धरून उभा होतो. हाजेरचा भाचा सोडायला आला होता, तो खाली हात हलवत होता. आणि खरं सांगतो, बोट हललीच नाही. घाट निघाला. पोरगा निघाला, मागची घरं निघाली, डोंगर निघाला. माझं सगळं आयुष्य माझ्यासमोरून चालू लागलं, आणि माझ्या तोंडून मोठ्याने निघून गेलं, "गुले गुले." शेजारची बाई हसली आणि गाणंच म्हणायला लागली.

हे त्याला सांगू नकोस.

आणि तिकिटं परत करून ये. तो शब्द माझ्याकडे एकच होता, तो मुदान्याच्या घाटाला देऊन टाकला. तुमच्यासाठी शिल्लक नाही.

तुझे बाबा